डरहम बुल्स

अमेरिकेच्या नॉर्थ कॅरोलायना राज्यातल्या डरहम शहराचा व्यावसायिक बेसबॉल संघ. स्थापना १९०२. सध्या तो इंटरनॅशनल लीगमध्ये, म्हणजे मेजर लीग या देशातल्या सर्वोच्च स्पर्धेच्या लगेच खालच्या ‘ट्रिपल-ए’ पायरीवर खेळतो. १९९८पासून त्याची पालक संस्था, म्हणजे ज्याच्यासाठी इथे खेळाडू घडवले जातात तो मेजर लीग संघ, टँपा बे रेज ही आहे. संघाच्या इतिहासात दोनदा मोठे खंड पडले, लीग बदलल्या, पालक संस्था बदलल्या, मैदान बदलले. टिकला तो वळू, आणि तोही मुळात एका तंबाखूच्या पुडीवरचा.

नाव आणि तंबाखू

डरहमच्या आसपास पिकणाऱ्या फिकट पिवळ्या पानाची तंबाखू यादवी युद्धाच्या शेवटी नावारूपाला आली. एप्रिल १८६५मध्ये गावाजवळच्या बेनेट यांच्या शेतघरात शरणागतीची बोलणी चालू होती. त्या दिवसांत दोन्ही बाजूंच्या सैनिकांनी इथला साठा लुटला आणि घरी परतल्यावर पत्रे लिहून तीच तंबाखू मागवली. ‘बुल डरहम’ ही छाप पुढे याच मालाची झाली. चित्रातला प्राणी बैल नव्हे, वळू; औताला न जुंपलेला, खच्ची न केलेला. एका इंग्रजी मोहरीच्या डब्यावरच्या वळूवरून तो घेतल्याचे सांगतात. माल सुटा असे आणि ओढणारा तो कागदात गुंडाळून ओढे. सुती कापडाची छोटी पिशवी, तोंडाला ओढायची दोरी आणि दोरीला लटकलेले गोल कागदी लेबल, असे तिचे रूप होते. आपल्याकडच्या चंचीची ही धाकटी बहीणच, फक्त कारखान्यात शिवलेली.

१९०२मध्ये डरहममधले वकील विल्यम ब्रॅमहॅम यांनी संघ उभा केला, तेव्हा त्याचे नाव होते ‘टोबॅकोनिस्ट्स’, म्हणजे तंबाखूवाले. हेच ब्रॅमहॅम पुढे मायनर लीग, म्हणजे मेजर लीगच्या खालच्या पायऱ्यांवरच्या लीग, यांच्या देशभरच्या संघटनेचे अध्यक्ष झाले. पहिली लीग त्याच उन्हाळ्यात बंद पडली. १९१३मध्ये नवी लीग आली, तेव्हा संघाने ‘बुल्स’ हे नाव घेतले आणि पुढची अनेक वर्षे तेच चालले.

त्या काळात तंबाखू कंपनीने देशभरच्या मैदानांच्या कुंपणांवर वळूच्या मोठ्या पाट्या लावल्या होत्या. पाटीला चेंडू मारणाऱ्या फलंदाजाला ५० डॉलर मिळत. बदली पिचर (फलंदाजाला चेंडू टाकणारे) जिथे हात गरम करतात त्या ‘बुलपेन’ला नाव या पाट्यांवरूनच पडले, अशी समजूत आहे. ती ऐकायला गोड आहे, पण शब्द त्याआधीचा आहे; तुरुंगाच्या कोंडवाड्याला आणि मैदानातल्या स्वस्त उभ्या जागेलाही तो एकोणिसाव्या शतकात लावत असत.

मैदान, आग, रंगभेद

१९२६मध्ये ‘एल तोरो पार्क’ हे मैदान झाले. हा वळूचाच स्पॅनिश अवतार. पुढे त्याचे नाव ‘डरहम अ‍ॅथलेटिक पार्क’ झाले. १९३९च्या जूनमध्ये लाकडी प्रेक्षकगृह रात्रीत जळाले. हंगाम मात्र थांबला नाही. तात्पुरते बाक ठोकून सामने झाले आणि मग काँक्रीटचे प्रेक्षकगृह बांधले. १९४५मध्ये कॅरोलायना लीग सुरू झाली, तिच्या संस्थापक संघांत बुल्स होता.

डरहम अ‍ॅथलेटिक पार्कमध्ये काळ्या प्रेक्षकांना वेगळ्या जागेत बसावे लागे. संघातल्या पहिल्या कृष्णवर्णीय खेळाडूंपैकी बबा मॉर्टन १९५७मध्ये आला. त्याच वर्षी जूनमध्ये शहरातल्या एका आइस्क्रीमच्या दुकानात गोऱ्यांसाठी राखीव जागी बसल्याबद्दल सात कृष्णवर्णीयांना अटक झाली होती, म्हणजे मैदानाबाहेरही तोच वाद पेटलेला होता. १९६३मध्ये ह्यूस्टनच्या मेजर लीग संघाच्या ताब्यातला जो मॉर्गन इथे खेळला. तो पुढे सिनसिनाटी रेड्सचा सेकंड बेसमन (दुसऱ्या बेसजवळचा क्षेत्ररक्षक) म्हणून गाजला आणि १९९०मध्ये बेसबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे सन्मान-दालनात, गेला. त्याचा १८ क्रमांक बुल्सने कायमचा निवृत्त केला आहे.

साठच्या दशकाच्या शेवटी प्रेक्षक ओसरले. दूरचित्रवाणीवर मेजर लीगचे सामने घरबसल्या दिसत होते, त्यामुळे देशभर लहान संघांची हीच गत झाली. १९६८मध्ये बुल्स शेजारच्या रॅलेच्या संघात विलीन झाला आणि ‘रॅले-डरहम’ असे जोडनाव आले. दोन गावांचा मिळून एक संघ केला की तो कुणाचाच राहत नाही. १९७१च्या हंगामानंतर तोही बंद पडला.

पुनर्जन्म आणि चित्रपट

माइल्स वुल्फ यांनी १९८०मध्ये संघ परत आणला. कॅरोलायना लीगमधली जागा त्यांना २,४१७ डॉलरना मिळाली. आज ही रक्कम विनोदी वाटते. त्या वेळी मायनर लीग संघ म्हणजे आतबट्ट्याचा धंदा समजला जाई. अटलांटा ब्रेव्ह्ज ही पालक संस्था झाली. पुढे ब्रेव्ह्जचा नामवंत फलंदाज झालेला चिपर जोन्स १९९२मध्ये इथूनच वर गेला.

१९८८मध्ये रॉन शेल्टन दिग्दर्शित ‘बुल डरहम’ हा चित्रपट आला. शेल्टन स्वतः मायनर लीगमध्ये खेळलेले होते, त्यामुळे बसचा प्रवास, बढतीची आशा आणि वय निघून चालल्याची धास्ती त्यात खरी उतरली. चित्रीकरण डरहम अ‍ॅथलेटिक पार्कमध्ये झाले. त्यासाठी कुंपणावर लाकडी वळू उभारला होता: डोळे लाल पेटतात, नाकपुड्यांतून धूर निघतो, शेपूट हलते. खाली लिहिलेले, वळूला मारा, स्टेक जिंका. शूटिंग संपल्यावर वळू तिथेच राहिला आणि खऱ्या सामन्यांत धूर सोडू लागला. तंबाखू कंपनीच्या जुन्या पाट्यांची चित्रपटाने नक्कल केली आणि त्या नकलेलाच संघाने आपले दैवत केले, असा हा उलटा प्रवास आहे. संघाच्या टोप्या डरहम कधीही न पाहिलेल्या लोकांच्या डोक्यावर दिसू लागल्या.

आजचा वळू नव्या मैदानात डाव्या बाजूच्या भिंतीवर उभा आहे. बुल्सच्या खेळाडूने होम रन (कुंपणापलीकडचा फटका) मारला की डोळे पेटतात आणि धूर निघतो. चेंडू वळूला लागला तर स्टेक, पायाखालच्या रंगवलेल्या गवताला लागला तर सॅलड.

डरहम बुल्स अ‍ॅथलेटिक पार्क

गर्दी वाढली आणि जुने मैदान अपुरे पडले. नव्या मैदानासाठी रोखे काढण्याचा प्रस्ताव १९९०मध्ये मतदारांनी फेटाळला. नंतर कॅपिटल ब्रॉडकास्टिंग कंपनीने संघ विकत घेतला. तिचे प्रमुख जिम गुडमन यांचा विचार मैदान विमानतळाच्या बाजूला नेण्याचा होता. संघ गावाबाहेर जाणार म्हटल्यावर शहराने मतदारांना पुन्हा न विचारता दुसऱ्या मार्गाने पैसा उभा केला आणि १९९५मध्ये जुन्या तंबाखू कारखान्याशेजारी नवे मैदान उघडले. आराखडा बाल्टिमोरच्या कॅम्डेन यार्ड्सचे मैदान करणाऱ्या वास्तुसंस्थेचाच. सिगारेटचा तो कारखाना १९८७मध्ये बंद पडला होता. आता तिथे कार्यालये आणि उपाहारगृहे आहेत, पाण्याची टाकी आणि धुरांडे मात्र जागेवर आहेत.

मैदान सुमारे १०,००० प्रेक्षकांचे. होम प्लेटपासून (फलंदाजाच्या जागेपासून) डाव्या फाउल पोलपर्यंतचे, म्हणजे हद्द दाखवणाऱ्या खांबापर्यंतचे अंतर फक्त ३०५ फूट (९३ मी.), मध्यभागी ४०० फूट (१२२ मी.). डावी बाजू आखूड म्हणून तिथे ३२ फुटी (सुमारे १० मी.) निळी भिंत उभारली. बोस्टनच्या मैदानातल्या ‘ग्रीन मॉन्स्टर’ या हिरव्या भिंतीवरून तिला ‘ब्लू मॉन्स्टर’ म्हणतात आणि हाताने अंक बदलायचा धावफलक तिच्यातच आहे. या भिंतीमुळे खेळाचा हिशेब बदलतो. इतरत्र सहज झेल ठरेल असा उंच चेंडू इथे भिंतीच्या वरच्या भागाला लागून डबल होतो, म्हणजे फलंदाज दुसऱ्या बेसपर्यंत पोचतो. उलट, जोरात सपाट मारलेला चेंडू जो दुसरीकडे कुंपणापलीकडे गेला असता, तो इथे भिंतीवर आदळून झटकन परत येतो आणि फलंदाज पहिल्या बेसवर अडकतो. नवखा लेफ्ट फील्डर (डाव्या बाजूचा क्षेत्ररक्षक) भिंतीला चिकटून उभा राहिला, तर चेंडू त्याच्या डोक्यावरून मागे उडतो. सरावलेला खेळाडू चार पावले अलीकडे थांबून उसळीची वाट पाहतो.

संघ चालतो कसा

भारतीय वाचकाला हा आयपीएलसारखा प्रकार वाटेल, पण तसे नाही. खेळाडू, व्यवस्थापक आणि प्रशिक्षक यांचे करार पालक संस्थेशी असतात, पगारही तीच देते. बुल्सकडे मैदान, तिकिटे, खाद्यपदार्थ, टोप्या आणि जाहिराती हा व्यवहार असतो. कोणता पिचर किती चेंडू टाकणार, कोण कुठे खेळणार, हे टँपाहून ठरते. त्यामुळे जिंकणे हे इथे दुय्यम उद्दिष्ट असते आणि प्रेक्षकाला हे उमजायला एक हंगाम लागतो.

खेळाडूंची ये-जा सतत चालू असते. मेजर लीग संघाच्या ४० जणांच्या यादीतला खेळाडू ‘ऑप्शन’वर खाली पाठवता येतो, पण एका हंगामात पाचपेक्षा जास्त वेळा नाही. एकदा खाली आलेल्या फलंदाजाला किमान १० दिवस आणि पिचरला १५ दिवस इथे राहावे लागते. वर कुणी जखमी झाला तरच अपवाद. दुखापतीतून सावरणारे नामवंत खेळाडूही सरावापुरते येतात, फलंदाज जास्तीत जास्त २० दिवस, पिचर ३०. फलकावर आज ज्याचे नाव आहे तो उद्या हजार किलोमीटर दूर खेळत असू शकतो. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये संघ विजेतेपदाच्या जवळ असला की नेमके त्याचे चांगले पिचर वर बोलावले जातात. स्थानिक चाहत्यांची ही जुनी कुरकुर.

२०२० चा हंगाम कोविडच्या साथीमुळे रद्द झाला. २०२१मध्ये मेजर लीगने सगळा कारभार हाती घेतला, संलग्न संघ १६० वरून १२० केले आणि ४०हून अधिक गावांच्या संघांची संलग्नता गेली. आता मालिका मंगळवार ते रविवार, सहा सामन्यांच्या असतात आणि सोमवारी सुटी. प्रवासखर्च घटला, पण एकच पाहुणा संघ आठवडाभर पाहावा लागतो.

विजेतेपदे

१९९८मध्ये ट्रिपल-एमध्ये आल्यापासून इंटरनॅशनल लीगचा करंडक २००२, २००३, २००९, २०१३, २०१७, २०१८ आणि २०२२मध्ये मिळाला. २०२१मध्येही संघ आपल्या गटात पहिला आला. त्या एकाच वर्षी लीगला ‘ट्रिपल-ए ईस्ट’ असे रुक्ष नाव दिले होते. संपूर्ण ट्रिपल-ए पातळीवरचे राष्ट्रीय विजेतेपद २००९, २०१७ आणि २०२२मध्ये. डेव्हिड प्राइस, इव्हान लाँगोरिया आणि ब्लेक स्नेल हे इथून वर गेलेले ठळक खेळाडू.