शिंद्यांच्या कंपूचा पैसा आणि लंडनमधली निर्वासित काउंटेस

महादजी शिंद्यांच्या कवायती फौजेविषयी ज्याने थोडेफार वाचले आहे, त्याला ती फौज उभारणारा युरोपीय सेनापती डी बॉइन नवा नाही. लालसोट, पाटण, मेडता, लाखेरी या लढायांबरोबर त्याचे नाव येतेच. १७९५च्या अखेरीस त्याने अलीगड सोडले आणि तिथेच आपल्याकडची त्याची गोष्ट संपते. पण अंतर्वेदीत, म्हणजे गंगा-यमुनेच्या दुआबात, कमावलेला त्याचा पैसा युरोपात गेला आणि त्याच्या आधाराने राज्यक्रांतीत सर्वस्व गमावलेले एक फ्रेंच घराणे पुन्हा उभे राहिले. त्या घराण्याची मुलगी आदेल द ऑस्मों हीच पुढची काउंटेस डी बॉइन.

आदेलचा जन्म १७८१ सालचा, व्हर्सायचा. आई एलेओनोर डिलन ही मूळच्या आयरिश घराण्यातली आणि पंधराव्या लुईची मुलगी मादाम आदेलाईद हिच्या पदरी मानकरीण होती. त्यामुळे मुलीचे बालपण थेट राजवाड्यातच गेले. ऑक्टोबर १७८९मध्ये जमावाने राजाला व्हर्सायहून पॅरिसला नेले आणि हे जग मोडले. १७९१च्या फेब्रुवारीत राजाच्या आत्या, म्हणजे मादाम आदेलाईद आणि तिची बहीण, देश सोडून रोमला निघून गेल्या. ऑस्मों कुटुंबही इटलीत पोचले. नेपल्सच्या दरबारात आदेलची राजकन्या मारी-आमेलीशी मैत्री जमली. ही मैत्री टिकली, कारण तीच मारी-आमेली १८३०मध्ये फ्रान्सची राणी झाली. इटलीतून कुटुंब इंग्लंडला आले आणि काही काळ नातेवाइकांच्या आश्रयाने राहून लंडनला गेले.

निर्वासित म्हणजे नेमके काय, हे कायद्याने ठरले होते. १७९२मध्ये देश सोडून गेलेल्यांच्या मालमत्तेवर जप्ती आली. मार्च १७९३च्या कायद्याने ते कायमचे हद्दपार ठरले आणि कायद्याच्या दृष्टीने मेल्यात जमा झाले. परत येऊन सापडला, तर देहदंड. जप्त जमिनी सरकारने विकून टाकल्या, म्हणून पुढे माफी मिळाली तरी विकलेली जमीन परत मिळणे जवळपास अशक्य झाले. इंग्लंडमध्ये १७९३च्या परदेशी लोकांविषयीच्या कायद्याने नोंदणी सक्तीची झाली. सरकारी मदत मिळत असे, पण ती माणशी रोज सुमारे एका शिलिंगाची. मोठमोठ्या घराण्यांतल्या बायका गवती टोप्या विणून आणि भरतकाम करून विकत, पुरुष फ्रेंच किंवा चित्रकला शिकवत.

अशा घरातल्या उपवर मुलीपुढे दोन वाटा होत्या. एक कोरिसांद द ग्रामोंची. मारी आंत्वानेतच्या जिवलग मैत्रिणीची, डचेस द पोलिन्याकची, ती नात. १८०६मध्ये तिने लॉर्ड ऑसल्स्टनशी लग्न केले, तो पुढे टँकरव्हिलचा अर्ल झाला आणि ती ब्रिटिश उमरावांत कायमची सामावली. दुसरी वाट आदेलने पत्करली: कूळ न बघता पैसा बघायचा.

हा पैसा कसा जमला, ते बघण्यासारखे आहे. डी बॉइन हा सॅव्हॉय प्रांतातल्या शाम्बेरीच्या एका कातडी व्यापाऱ्याचा मुलगा. १७८४मध्ये महादजींनी त्याच्याशी प्रत्येकी ८५० माणसांच्या दोन पलटणी उभारण्याचा करार केला. त्याला स्वतःला दरमहा १,००० रुपये आणि शिपायामागे ८ रुपये मिळायचे. शिपायाला तो साडेपाच देई आणि उरलेल्यातून अधिकाऱ्यांचे पगार व इतर खर्च भागवी. यशाबरोबर दोन पलटणींचे कंपू, म्हणजे अनेक पलटणींच्या मोठ्या तुकड्या, झाले आणि खर्चासाठी अंतर्वेदीतली जायदाद, म्हणजे ज्याचा वसूल फौजेला लावून दिला असा मुलूख, तोडून मिळाली. वसूल थेट सेनापतीच्या हाती आल्यामुळे शिपायांचे पगार थकत नसत, आणि सेनापतीही श्रीमंत होत गेला. लखनौचा क्लॉड मार्टिन हा त्याचा मित्र, त्याच्याबरोबर व्यापारातही भागीदारी होती. डी बॉइन युरोपला गेला तेव्हा त्याच्याजवळ सुमारे ४ लाख पौंडांची संपत्ती होती, असे मानले जाते.

११ जून १७९८ रोजी लंडनमध्ये त्याचे आणि आदेलचे लग्न झाले. ती सतरा वर्षांची, तो सत्तेचाळीस. माझे तुमच्यावर प्रेम नाही, माझ्या आईवडिलांच्या निर्वाहाची सोय करणार असाल तर लग्नाला तयार आहे, हे तिने त्याला आधीच सांगितले होते. तिच्या जागी असलेल्या मुलीने याहून प्रामाणिक बोलणे काय करायचे? त्याच्या बाजूने मात्र बरेच लपवलेले होते: वय, सामान्य घरातला जन्म, आणि हिंदुस्थानातली पत्नी नूर बेगम. तिला आणि तिच्या दोन मुलांना तो इंग्लंडला घेऊन आला होता. तिथे तिचे नाव हेलेना बेनेट झाले. हिंदुस्थानी रिवाजाने झालेल्या त्या लग्नाला युरोपात त्याने लग्न मानलेच नाही.

संसार वर्षभरही धड चालला नाही. तीस वर्षांचे अंतर, त्याचा संशयी स्वभाव, व्हर्सायच्या चालीरीतींत वाढलेली ती आणि छावणीत हुकूम सोडण्याची सवय झालेला तो. इंग्लंडमध्ये तेव्हा पूर्ण घटस्फोटासाठी पार्लमेंटचा खास कायदा लागे आणि हे तर कॅथलिक जोडपे. म्हणून वेगळे राहायचे, नाव आणि तनखा कायम ठेवायचा, एवढीच वाट उरली. दोघे अधूनमधून एकत्र आले, पुन्हा दुरावले. १८०२मध्ये फ्रान्समध्ये बहुतेक निर्वासितांना माफी मिळाली. तो शाम्बेरीला ब्विसाँ-रोंच्या वाड्यात राहायला गेला, ती १८०४मध्ये फ्रान्सला परतली आणि नवऱ्याच्या पैशावर तिने पॅरिसमध्ये आपली बैठक जमवली.

१८१५मध्ये तिचे वडील फ्रान्सचे राजदूत म्हणून लंडनला आले आणि दूतावासाच्या मेजवान्यांची व्यवस्था आदेलने सांभाळली. ज्या शहरात कुटुंब मदतीवर जगले, तिथेच ते १८१९पर्यंत फ्रान्सच्या राजाचे प्रतिनिधी होते.

डी बॉइन १८३०मध्ये वारला. शाम्बेरीला त्याने दिलेल्या देणग्या मोठ्या होत्या, गावाने १८३८मध्ये चार हत्तींचे कारंजे त्याच्या स्मरणार्थ उभारले. ब्विसाँ-रों नूर बेगमच्या मुलाकडे, शार्ल-आलेक्सांद्रकडे गेले. आदेलला मूल नव्हते. तिने १८३५पासून आठवणी लिहायला घेतल्या, १८६६मध्ये ती वारली आणि त्या छापून आल्या १९०७ साली. राजकारण आणि दरबार यांबद्दल त्या फार मोलाच्या आहेत. नवऱ्याबद्दलची पाने मात्र एकतर्फी आहेत आणि तशीच वाचावीत, कारण त्याच्याविषयीची पुष्कळ मते युरोपात याच पानांवरून बनली. नूर बेगमने अशा आठवणी मागे ठेवल्या नाहीत. ती ससेक्समध्ये हॉर्शमच्या परिसरात राहिली आणि १८५३मध्ये तिथेच वारली. तिची बाजू शोधायची तर तिथली चर्चची नोंदवही आणि शाम्बेरीचे घराण्याचे दप्तर यांतूनच ती जुळवावी लागते.