निवेदन नाही म्हणजे दिग्दर्शकही नाही?

मुंबईत पेडर रोडला, सरकारी माहितीपट काढणाऱ्या पूर्वीच्या फिल्म्स डिव्हिजनच्या आवारात माहितीपट पाहून बाहेर पडताना एक वाक्य वर्षानुवर्षं कानावर येतं: “यात दिग्दर्शकानं केलं काय? कॅमेरा लावला नि बसला.” निरीक्षणात्मक माहितीपटाबद्दलचा, म्हणजे निवेदन वा मुलाखतींशिवाय समोर घडतं ते दाखवणाऱ्या माहितीपटाबद्दलचा, हा समज साफ चुकीचा आहे.

अमेरिकी माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांचंच काम घ्या. १९६७च्या ‘टिटिकट फॉलीज’पासून त्यांनी शाळा, इस्पितळं, ग्रंथालयं अशा संस्था चित्रित केल्या. निवेदन नाही, मुलाखती नाहीत. पण ते लांब बसून राहत नसत. ध्वनिमुद्रण ते स्वतः करायचे, आणि कॅमेरा कुठे वळवायचा हे छायाचित्रकाराला खुणेनं सांगायचे.

खरं दिग्दर्शन तर संकलनाच्या टेबलावर. बर्कलीच्या विद्यापीठावरच्या त्यांच्या ‘ॲट बर्कली’साठी सुमारे २५० तासांचं चित्रण झालं, चित्रपट उरला चार तासांचा. काय ठेवायचं, कुठल्या प्रसंगाशेजारी कुठला ठेवायचा, हा प्रत्येक निर्णय म्हणजे मत मांडणंच. वाइजमन यांनीही आपले चित्रपट तटस्थ असल्याचा दावा कधी केला नाही. त्यांच्या लेखी ते त्यांना आलेल्या अनुभवाचं प्रामाणिक रूप होतं.

हा गैरसमज आपल्याकडे का रुजला असावा? मला वाटतं, थिएटरात मुख्य चित्रपटाआधी सरकारी माहितीपट दाखवायचे, त्यांत निवेदकाचा भारदस्त आवाज सगळं समजावून द्यायचा. त्या आवाजालाच आपण दिग्दर्शक मानत आलो. पुढच्या वेळी असा माहितीपट पाहाल तेव्हा एक प्रसंग संपून दुसरा सुरू होतो तिथे लक्ष द्या. दिग्दर्शक तिथेच भेटतो.