बॉस्टनची घेवड्याची हंडी

बेक्ड बीन्स म्हटले की बहुतेकांना आठवतो तो डबा, टोमॅटोच्या गोडसर रश्शातल्या घेवड्याच्या पांढऱ्या दाण्यांचा. पण घरी सुक्या दाण्यांपासून करायची जी जुनी रीत आहे, ती अमेरिकेच्या न्यू इंग्लंड भागातली, विशेषतः बॉस्टनची. तिच्यात टोमॅटो नाही. दाणे, खारवलेले डुकराचे मांस, मळीचा काळा पाक आणि रात्रभराची आच, एवढाच तिचा ऐवज.

रात्रभर शिजवण्यामागे धर्म आहे. सतराव्या शतकात तिथे वसलेले प्युरिटन, म्हणजे इंग्लंडमधून आलेले कडव्या ख्रिस्ती पंथाचे लोक, शब्बाथ हा आठवड्याचा विश्रांतीचा पवित्र दिवस फार कडक पाळत. तो शनिवारी सूर्य मावळताच लागे आणि रविवारी सूर्यास्ताला सुटे. त्या वेळात स्वयंपाक वर्ज्य. म्हणून शनिवारी दिवसाच अरुंद तोंडाची, फुगीर पोटाची मातीची हंडी विटांच्या भट्टीत सरकवायची. शनिवारी रात्री त्यातले गरम खायचे आणि उरलेले भट्टीच्या उबेत रविवार सकाळपर्यंत ठेवायचे. पुढे बॉस्टनला ‘बीनटाउन’ हे नावच पडले.

दाणा मात्र या वसाहतवाल्यांचा नव्हे. तो अमेरिकेच्या मूळ रहिवाशांचा; मका आणि भोपळ्यासोबत ते तो एकाच शेतात पेरत. आपला राजमा आणि कोरेगावचा वाघ्या घेवडा याच जातीचे, म्हणजे तेही मूळचे अमेरिकेचेच. न्यू इंग्लंडमधल्याच मेन या राज्यात आजही जमिनीत खड्डा खणून, निखाऱ्यांवर लोखंडी भांडे पुरून हे दाणे शिजवतात.

गोडव्याचा इतिहास मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो आणि तो कडू आहे. कॅरिबियन बेटांवर गुलाम आफ्रिकी माणसांकडून ऊस पिकवून घेत, साखर करत. उरलेली मळी जहाजांनी बॉस्टनला येई आणि तिची रम होई. उलट दिशेने न्यू इंग्लंडचा हलक्या प्रतीचा खारवलेला मासा त्याच गुलामांच्या पोटासाठी जाई. हा व्यापार इतका मोठा होता की १७३३ साली ब्रिटिश संसदेने परक्या वसाहतींच्या मळीवर गॅलनला सहा पेन्स कर बसवला.

तरीही मळी हंडीत पहिल्यापासून होतीच असे धरून चालू नये. १८२९ साली लिडिया मारिया चाइल्ड यांनी काटकसरी गृहिणींसाठी पुस्तक लिहिले, त्यातल्या कृतीत दाणे, मांस आणि थोडी मिरपूड आहे; गोड काहीच नाही. १८९६ साली बॉस्टनच्याच पाककृती-लेखिका फॅनी फार्मर लिहितात तेव्हा मळी आली आहे, पण एक मोठा चमचा, सोबत तीन चमचे साखर. आजच्या कृतींत वाटीवाटीने पाक ओततात. ‘पारंपरिक’ म्हणून तो गोडवा कोणी पुढे केला, तर या दोघींची मापे जरूर आठवावीत.

जुन्या कृतीतला क्रम मात्र मोडू नये. दाणे रात्रभर भिजत घालायचे, ते पाणी ओतून टाकून नव्या पाण्यात आधी उकळून घ्यायचे, मगच हंडीत भरायचे. मळीत कॅल्शियम असते आणि ती आंबटही असते. त्यामुळे दाण्याची साल घट्ट राहते. कच्च्या दाण्यांवरच ती ओतली तर आठ तासांनीही ते टणक राहतील. नेमके उकडून ओतली तर तेवढ्याच वेळात दाणा मऊ होतो आणि फुटत नाही. शिवाय कच्च्या राजम्यात लेक्टिन नावाचे विषारी प्रथिन असते. ते मंद आचेने जात नाही, त्याला खळखळ उकळीच लागते.

उकड पुरेशी झाली की नाही, हे पाहायची फार्मर यांची खूण अशी: चमच्याच्या टोकावर चार दाणे घ्यायचे आणि फुंकर मारायची. साल तडकली की हंडी भरायला घ्यायची.