वाळवंटात बांधलेली पाणबुडी

दुसऱ्या महायुद्धातल्या पाणबुड्या बराचसा वेळ पाण्यावरच असत. डिझेल इंजिनाला हवा लागते, त्यामुळे बुडी मारली की सगळी भिस्त बॅटरीवर. पाण्याखाली पूर्ण वेगानं जायचं म्हटलं तर ती तासाभरात संपायची. मग वर येणं भाग, आणि तिथे शत्रूची विमानं टपलेली.

अणुभट्टीला ऑक्सिजन लागतच नाही. युरेनियमच्या विखंडनातून, म्हणजे अणू फुटण्यातून उष्णता, तिच्यातून वाफ, वाफेवर टर्बाइन. अमेरिकी नौदलाच्या संशोधन प्रयोगशाळेतले रॉस गन यांनी ही कल्पना 1939 मध्येच मांडली होती. पण पाणबुडीच्या पोटात मावेल अशी भट्टी घडवायची कशी?

मला यातली सर्वांत विलक्षण वाटते ती इंधनाच्या आवरणाची गोष्ट. आवरणाचा धातू तापलेल्या पाण्यात गंजायला नको आणि त्यानं न्यूट्रॉन, म्हणजे पुढचे अणू फोडणारे कण, गिळायलाही नकोत, नाहीतर साखळी प्रक्रियाच मंदावते. झिर्कोनियम हा धातू त्यात बसत होता. मात्र खनिजात त्याच्यासोबत हॅफ्नियम हा दुसरा धातू असतोच. रासायनिक गुणांत दोघं इतके सारखे की वेगळे करणं महाकठीण, आणि हॅफ्नियम न्यूट्रॉन अधाशासारखे शोषतं. ते वेगळं काढण्याची पद्धत बसवावी लागली. काढलेलं हॅफ्नियमही वाया गेलं नाही. भट्टी आवरणाऱ्या नियंत्रक कांड्या त्याच्याच झाल्या.

अमेरिकी नौदलाच्या या अणुपाणबुडी प्रकल्पाचे प्रमुख हायमन रिकोव्हर यांचा हट्ट होता की आधी पूर्ण आकाराची भट्टी जमिनीवर चालवून पाहायची. समुद्रापासून शेकडो किलोमीटर दूर, आयडाहोच्या वाळवंटात, पाणबुडीच्या सांगाड्याचा एक तुकडा उभारून त्यात ती बसवली. पाणी प्रचंड दाबाखाली ठेवायचं, म्हणजे ते तापूनही उकळत नाही. त्याची उष्णता दुसऱ्या नळ्यांतल्या पाण्याला देऊन वाफ करायची. जून 1953 मध्ये ही भट्टी सलग सुमारे चार दिवस पूर्ण शक्तीनं चालली. तेवढ्यात अटलांटिक ओलांडता आला असता! अणुपाणबुडीनं पुढे केलेल्या उत्तर ध्रुवाच्या सफरीपेक्षा हीच परीक्षा मला मोठी वाटते.

17 जानेवारी 1955 रोजी 'नॉटिलस' ही पहिली अणुपाणबुडी अणुशक्तीवर निघाली. त्याच वर्षी मे महिन्यात ती अमेरिकेतल्या न्यू लंडनहून कॅरिबियनमधल्या पोर्तो रिकोपर्यंत 2,000 किलोमीटरहून अधिक अंतर 90 तासांच्या आत, एकदाही वर न येता गेली. 3 ऑगस्ट 1958 रोजी तिनं ध्रुवाचा बर्फही खालून पार केला.

'सीवुल्फ' या दुसऱ्या पाणबुडीत पाण्याऐवजी द्रवरूप सोडियम वापरून पाहिलं. सोडियम उष्णता उत्तम वाहून नेतं, पण पाण्याशी गाठ पडली की भडकतं. शिवाय वाफेच्या यंत्रणेत गळती झाली. अखेर तिथेही पाण्याचीच भट्टी बसवली गेली. 1957 मध्ये रिकोव्हर यांच्याच देखरेखीखाली पेनसिल्व्हेनियात शिपिंगपोर्टचं वीजकेंद्र सुरू झालं, तेही याच पद्धतीच्या भट्टीवर.