जुनं फुटेज म्हणजे फुकट?

“५० वर्षांपूर्वीचं फुटेज, आता कोण विचारतंय?” माहितीपट करणाऱ्यांमध्ये हा समज वर्षानुवर्षं ठाण मांडून बसलाय. पण कॉपीराइटची मुदत संपलेली नसेल, तर नुसत्या वयाने फुटेज मोकळं होत नाही.

रीळ ज्या संग्रहालयाच्या कपाटात आहे, हक्क त्याचेच असतील असंही नाही. संग्रहालय प्रत देतं, स्कॅनिंगचे पैसे घेतं. वापराची परवानगी बरेचदा वेगळी आणावी लागते. त्यात एकाच तुकड्याचे धनी अनेक: चित्रण एकाचं, संगीत दुसऱ्याचं.

अमेरिकेतल्या ‘युनिव्हर्सल न्यूजरील’चंच बघा. १९२९ ते १९६७ दरम्यानच्या या बातमीपटांवरचे हक्क स्टुडिओने सोडून दिले, संग्रह तिथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहे. तरीही मागे वाजणारी धून कुणाच्या तरी मालकीची असू शकते. म्हणून मुरलेले फुटेज-संशोधक शंका आली की आवाज काढून नुसतं चित्र घेतात.

आणि तो ‘परवानगीशिवाय १० सेकंदांपर्यंत चालतं’वाला नियम? निव्वळ ऐकीव. अमेरिकी कायद्यातल्या ‘फेअर यूज’च्या, म्हणजे काही प्रसंगी परवानगीशिवाय वापराची मुभा देणाऱ्या कलमात सेकंदांचा आकडाच नाही. सेकंद मोजले जातात ते परवानगीचा दर लावताना! शिवाय प्रदेश, माध्यम, मुदत यांचा हिशेब वेगळा. फक्त महोत्सवांपुरती घेतलेली परवानगी ओटीटीवर चालत नाही.