शिफमन, स्यूझान

शिफमन, स्यूझान : (१९२९–२००१). फ्रेंच चित्रपटसृष्टीतील पटकथा-पर्यवेक्षक, सहायक दिग्दर्शक, पटकथाकार व उत्तरायुष्यात दिग्दर्शक. जन्म पॅरिस येथे. झाक रिव्हेत, ज्यां-ल्यूक गोदार आणि फ्रान्स्वा त्र्युफो या पुढे दिग्दर्शक म्हणून गाजलेल्यांशी त्यांची ओळख पॅरिसमधील चित्रपट मंडळांच्या खेळांतून, बहुधा १९५० च्या सुमारास किंवा त्याआधी थोडी, झाली असावी.

याच दिग्दर्शकांशी निगडित असलेल्या, फ्रेंच चित्रपटातील नवप्रवाहाच्या (न्यू वेव्ह) आरंभकाळात त्यांनी पटकथा-पर्यवेक्षणाचे काम केले. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. म्हणून प्रत्येक टेकचा (एका दृश्याच्या प्रत्येक चित्रणाचा) क्रमांक व लांबी, वापरलेले भिंग, नटाने कोणत्या शब्दाला पेला उचलला, कोटाची किती बटणे लावलेली होती आणि आयत्या वेळी संवादांत काय बदलले, हे सारे या पर्यवेक्षकाला टिपावे लागते आणि पुढे संकलकाची भिस्त याच नोंदींवर असते. भारतात हे काम ‘कंटिन्यूइटी’ या नावाने अनेकदा सहायक दिग्दर्शकाकडेच असते. गोदार तर पुष्कळदा चित्रीकरणाच्या दिवशीच संवाद लिहीत; अशा ठिकाणी पर्यवेक्षकाची वही हीच चित्रपटाची पहिली सलग संहिता ठरते. शिफमन यांच्या पुढील लेखनाचे मूळ या वहीत शोधणे म्हणूनच वावगे नाही.

रिव्हेत यांच्या ‘आउट १’ (१९७१) या जवळजवळ तेरा तासांच्या चित्रपटात त्यांचे श्रेय सहदिग्दर्शक असे आहे. या श्रेयाचा नेमका अर्थ कोणता, याविषयी एकमत नाही. चित्रपटाला रूढ अर्थाची पटकथा नव्हती. नट प्रसंग उत्स्फूर्तपणे रचत आणि कोणते पात्र कोणाला केव्हा भेटणार याचा आराखडा रिव्हेत व शिफमन यांनी मिळून आखला होता. सहदिग्दर्शक ही केवळ सौजन्याची उपाधी होती असे मानणाऱ्यांपेक्षा, अशा चित्रपटात आराखडा आखणे हेच दिग्दर्शनाचे गाभ्याचे काम होय, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

१९७० च्या सुमारास त्या त्र्युफो यांच्या सहायक दिग्दर्शक झाल्या आणि ‘ला न्युई अमेरिकेन’ (१९७३) पासून सहलेखकही. दिवसाच्या उजेडात रात्रीचे दृश्य टिपण्याच्या क्लृप्तीवरून या चित्रपटाचे नाव पडले आहे. चित्रपटाच्या निर्मितीचीच ही कथा असून, नाताली बाय यांनी साकारलेली त्यातील जोएल ही पर्यवेक्षक शिफमन यांच्यावर बेतलेली असल्याचे सर्वसाधारणपणे मानले जाते. ऑस्करच्या बाबतीत वर्षांचा घोळ संभवतो : परभाषिक चित्रपटाचा पुरस्कार १९७३ सालासाठीचा आहे, तर त्र्युफो, ज्यां-लुई रिशार व शिफमन यांना मिळालेले पटकथेचे नामांकन त्यापुढील वर्षाचे आहे. ‘ल देर्निए मेत्रो’ (१९८०) या चित्रपटासाठी त्र्युफो यांच्यासह त्यांना पटकथेचा सेझार हा फ्रान्सचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार लाभला. त्र्युफो यांच्या ‘विव्हमां दिमांश’ (१९८३) या अखेरच्या चित्रपटापर्यंत हे सहलेखन चालू होते. चित्रपटाचा कर्ता दिग्दर्शकच, असा आग्रह धरणाऱ्या समीक्षकांत त्र्युफो अग्रभागी होते. त्यांच्याच श्रेयनामावलीत एक सहलेखक दहा वर्षे टिकून राहावी, याची दखल चित्रपटाच्या इतिहासाने याहून ठळकपणे घ्यायला हवी.

१९८४ मध्ये त्र्युफो यांच्या निधनानंतर शिफमन स्वतंत्र दिग्दर्शनाकडे वळल्या. ‘ल म्वान ए ला सोर्सिएर’ (१९८७) ही तेराव्या शतकातील कथा त्यांनी मध्ययुगीन कलेच्या अभ्यासक पामेला बर्गर यांच्यासह लिहिली. एतियेन द बुर्बाँ या धर्मगुरूने नोंदवलेला, गीनफोर नावाच्या कुत्र्याला संत मानणारा ग्रामीण पंथ हा तिचा आधार होय. बाळाला सापापासून वाचवणाऱ्या आणि गैरसमजाने मारल्या गेलेल्या या कुत्र्याची दंतकथा पंचतंत्रातील ब्राह्मण व मुंगूस यांच्या कथेशी इतकी मिळतीजुळती आहे की, कथाप्रवासाच्या अभ्यासात दोहोंचा उल्लेख एकत्र येतो. ‘फाम द पापिए’ (१९८९) हा त्यांनी दिग्दर्शित केलेला आणखी एक चित्रपट.

‘द आर्टिस्ट’ (२०११) चे छायालेखक गियोम शिफमन हे त्यांचे पुत्र होत.