झोळीत पोट्टे नसतात

“पोट्टे पळवणारी टोळी आली, झोळीवाल्यांपासून सावध!” रामटेकच्या यात्रेपासून सक्करदऱ्याच्या गल्लीपर्यंत हा मेसेज अधूनमधून फिरतोच. म्हणून हा खुलासा.

२०१८ मध्ये पुरावा म्हणून फिरलेला, मूल उचलून नेणाऱ्या दोन मोटारसायकलवाल्यांचा व्हिडिओ आपल्या देशातला नव्हताच. ती कराचीतली मुलांच्या सुरक्षेची जाहिरात होती. शेवटी ते दोघे मूल परत आणून ठेवतात. नेमका तेवढाच भाग कोणीतरी कापला. त्याच अफवांच्या लाटेत १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात भिक्षा मागायला आलेल्या डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना ग्रामपंचायतीच्या खोलीत ठेचून मारलं. ते सोलापूरकडचे, पिढ्यान्‌पिढ्या भटके. टोळी वगैरे काही निघाली नाही.

धुळे लांब आहे म्हणता? मे २०१२ मध्ये आपल्याच नागपुरातल्या कळमन्यात नाथजोगी समाजाच्या तिघा बहुरूप्यांचा चोर समजून जमावाने जीव घेतला. तेव्हा तर व्हॉट्सॲप हाताहातांत पोहोचलंही नव्हतं!

झोळी असते पीठ-तांदळासाठी. तरी शंका आलीच, तर ११२ लावा. मुलाबाबत काही असेल तर १०९८.